पात्र, हमाल आणि लमाण : डॉ. श्रीराम लागू यांच्या नटविचाराची एक तपासणी

डॉ. श्रीराम लागू (१९२७-२०१९) यांचे आत्मचरित्र २००४ मध्ये 'लमाण' या नावाने प्रसिद्ध झाले. नट हा लमाण. नाटककाराकडील माल प्रेक्षकापर्यंत नेऊन पोहोचविणे हे त्याचे काम, असा या शीर्षकाचा अर्थ सर्वसाधारणपणे घेतला गेला आणि एका थोर नटाच्या विनयाचा उद्गार म्हणून तो वाखाणलाही गेला. प्रस्तुत लेखाची भूमिका थोडी वेगळी आहे. या शीर्षकात केवळ विनय नसून एक नटविषयक सिद्धान्त बीजरूपाने आहे, आणि 'लमाण' या शब्दाच्या इतिहासात उतरल्याशिवाय त्या सिद्धान्ताचा पूर्ण उलगडा होत नाही, असे येथे मांडावयाचे आहे. रूढ अर्थाने हे रूपक नटाला जबाबदारीतून मोकळे करते; ऐतिहासिक अर्थाने ते त्याच्यावर जबाबदारी टाकते. लागूंची रंगभूमीवरील कारकीर्द या दुसऱ्या अर्थाशी अधिक सुसंगत आहे.

१

नटाला वाहक मानणारा विचार आपल्या परंपरेला नवा नाही. 'अभिनय' हा शब्दच 'अभि' या उपसर्गापासून आणि 'नी' या धातूपासून सिद्ध झाला आहे. प्रेक्षकाच्या दिशेने अर्थ नेणे म्हणजे अभिनय. परंतु याच परंपरेने नाटकातील व्यक्तीला 'पात्र' असेही म्हटले. अभिनवगुप्ताने या शब्दाचा मार्मिक उपयोग करून घेतला आहे. मद्याचा आस्वाद मद्यपात्राला मिळत नाही, ते केवळ आस्वादाचे साधन असते; तद्वत रसाचे स्थान नट नव्हे, सहृदय प्रेक्षक होय, असे त्याचे प्रतिपादन आहे. पाश्चात्त्य विचारात दिदरोने उत्तम नट स्वतः भावनेने विव्हल होत नाही असे म्हटले, तेव्हा तोही वेगळ्या वाटेने याच परिसरात आला होता.

तथापि 'पात्र' आणि 'अभिनय' या दोन संकल्पनांत एक ताण आहे, त्याकडे पुरेसे लक्ष गेलेले नाही. पात्र स्थिर असते. त्यात काय ओतावे हे ओतणारा ठरवितो, कोणी प्यावे हे पिणारा ठरवितो. पात्राला निवड नसते. 'अभिनय' या शब्दात मात्र गती आहे आणि गती आली की वाट, अंतर, वेळ आणि धोका हे सारे येते. लागूंचा 'लमाण' पात्राच्या बाजूचा नाही, तो 'नी' या धातूच्या बाजूचा आहे.

२

आता लमाणाविषयी. नायगाव, मुखेड, कंधार, किनवट या नांदेड जिल्ह्याच्या भागात लमाण हा शब्द रूपक म्हणून कोणी ऐकत नाही. तो तांड्याचा, गोरबोली बोलणाऱ्या माणसांचा शब्द आहे. रेल्वे आणि पक्क्या सडका येण्यापूर्वी दख्खनमधील मीठ व धान्य यांची वाहतूक बैलांच्या पाठीवर गोणी लादून प्रामुख्याने याच समाजाने केली. मोहिमेवर निघालेल्या फौजांची रसद त्यांच्या तांड्यांवर अवलंबून असे. या लदेणीचे स्वरूप ध्यानात घेणे येथे अगत्याचे आहे. लमाण अनेकदा माल स्वतः खरेदी करी, वाट स्वतः निवडी आणि दुसऱ्या ठिकाणी नेऊन स्वतः विकी. मधल्या वाटेवर जनावर मेले, गोणी भिजली किंवा लूट झाली, तर तोटा त्याचा. म्हणजे तो वाहक होता तसाच व्यापारीही होता.

दुसऱ्याचा माल मजुरी घेऊन उचलणारा, त्या मालाच्या बऱ्यावाईटाशी संबंध नसलेला जो वाहक, त्याला मराठीत हमाल हा स्वतंत्र शब्द आहे. 'लमाण' या शीर्षकाचा रूढ अर्थ लावताना टीकाकारांनी लमाणाला नकळत हमाल केले आहे. पात्र, हमाल आणि लमाण या तीन कोटी वेगळ्या मानल्या, तर लागूंच्या कारकिर्दीतील बऱ्याच गोष्टींची संगती लागते.

३

कान-नाक-घशाचे शल्यविशारद असलेले लागू पुण्यातील प्रोग्रेसिव्ह ड्रॅमॅटिक असोसिएशन आणि पुढे मुंबईतील 'रंगायन' या संस्थांतून हौशी नट म्हणून घडले. टांझानियातील वैद्यकीय व्यवसायाचा काळ मागे टाकून १९६९ मध्ये, चाळिशी ओलांडल्यावर, ते पूर्णवेळ नट झाले. हा निर्णय स्वतःच्या भांडवलावर लदेणीला निघण्याचा होता. पुढच्याच वर्षी त्यांनी विजय तेंडुलकरांचे 'गिधाडे' दिग्दर्शित केले आणि त्यात भूमिकाही केली. या नाटकाला परीनिरीक्षणाचा अडथळा झाला. लुगड्यावरील तांबड्या डागाचा रंग बदलावा लागला आणि प्रेक्षकांनी तो तांबडाच समजावा अशी सूचना प्रयोगापूर्वी देण्यात आली. चिन्हमीमांसेच्या अभ्यासकाला या घटनेत वेगळे स्वारस्य वाटेल, कारण येथे चिन्हक बदलूनही चिन्हित शाबूत ठेवले गेले. आपल्या विषयाच्या दृष्टीने महत्त्वाचे ते हे, की वाटेवर नाका लागला तेव्हा वाहकाने माल टाकून दिला नाही आणि मालाची ओळखही बदलू दिली नाही. हमालाला असे करण्याचे कारण नसते.

गो. पु. देशपांडे यांचे 'उद्ध्वस्त धर्मशाळा', महेश एलकुंचवारांची 'गार्बो' व 'आत्मकथा', प्रेमानंद गज्वींचे 'किरवंत', मकरंद साठे यांचे 'सूर्य पाहिलेला माणूस' ही नावे एकत्र ठेवली, तर निवडीचे सूत्र दिसते. यांतील एकही संहिता मान्यवर नटाच्या लौकिकाला सहज पोसणारी नव्हती. माणसाच्या बुद्धीची आणि सद्सद्विवेकाची कसोटी पाहणाऱ्या संहितांकडे ते पुनःपुन्हा वळले.

तेंडुलकरांच्याच 'कन्यादान'मधील (१९८३) नाथ देवळालीकर ही भूमिका या संदर्भात सर्वांत बोलकी आहे. समाजवादी नाथ आपल्या मुलीच्या दलित कवीशी झालेल्या विवाहाचे स्वागत करतो. पुढे तिचा छळ होताना पाहतो आणि शेवटी जावयाच्या आत्मकथनाची जाहीर स्तुती मनाविरुद्ध करतो. तो स्वतःला न पटलेला शब्द वाहून नेतो. म्हणजे तो शब्दांचा हमाल होतो, आणि मुलगी त्याला नेमका याच गोष्टीचा जाब विचारते. पुरोगामी चळवळीशी नाते असलेल्या नटाने आपल्याच वैचारिक घराण्याचा पराभव रंगमंचावर नेणे, ही साधी पोहोचवणूक नव्हे. या नाटकातील दलित नायकाच्या चित्रणाला दलित विचारवंतांनी घेतलेला आक्षेप गंभीर होता आणि आजही तो निकालात निघालेला नाही. नट हा हमाल असेल, तर त्या आक्षेपाशी त्याला कर्तव्य नाही. तो लमाण असेल, तर आक्षेपातील त्याचा वाटा त्याला उचलावाच लागेल. लागूंच्या रूपकाची ही तार्किक परिणती त्यांच्या चाहत्यांनी टाळली आहे.

४

'नटसम्राट'चा (पहिला प्रयोग २३ डिसेंबर १९७०) विचार याच कोटींच्या आधारे करून पाहता येईल. वि. वा. शिरवाडकरांचा गणपतराव बेलवलकर हा असा नट आहे, की ज्याने वाहिलेला माल कधी उतरविलाच नाही. निवृत्त होऊन, सर्वस्व मुलांना वाटून टाकल्यावरही भूमिका त्याच्यात भरून राहिल्या आहेत, आणि अखेरीस त्याच्या 'मी'ला त्या भूमिकांच्या नावांवाचून स्वतःचा परिचय देता येत नाही. बेलवलकर ही 'पात्रा'ची शोकांतिका आहे. ती रंगमंचावर आणणारा नट मात्र पात्र होऊन चालत नाही. त्याला दर प्रयोगानंतर गोणी उतरवून उद्याची लदेणी करावी लागते. 'वाचिक अभिनय' या विषयावर स्वतंत्र पुस्तक लिहिणाऱ्या, आणि व्यवसायाने घशाची शरीररचना जाणणाऱ्या नटाने ही भूमिका प्रथम केली, हा योगायोग अर्थपूर्ण आहे. बेलवलकराचे विव्हळणे आणि त्या विव्हळण्याच्या श्वासाचा हिशेब ठेवणे या दोन गोष्टी एकाच देहात घडत होत्या.

पुढे दत्ता भट, सतीश दुभाषी यांनी ही भूमिका केली. २०१६ मध्ये चित्रपटात ती नाना पाटेकरांनी केली. संहिता एकच असूनही प्रेक्षकाच्या पदरी पडलेला माल तोच होता असे कोणी म्हणणार नाही. वाट वेगळी असली की पोहोचणारा आशयही वेगळा होतो. नाट्यार्थाच्या घडणीत या वाटेचा वाटा किती, हा प्रश्न आपल्या संहिताकेंद्री समीक्षेने नेहमीच पुढे ढकलला आहे.

५

या मांडणीवर दोन आक्षेप संभवतात. पहिला असा, की लागूंनी शंभराहून अधिक चित्रपटांतून कामे केली आणि त्यांतील पुष्कळशा हिंदी भूमिकांत निवडीचे कोणतेही सूत्र सापडत नाही. हे मान्य केले पाहिजे. 'सामना' (१९७४) मधील मास्तर, 'सिंहासन' (१९७९) मधील विश्वासराव दाभाडे, 'घरोंदा' (१९७७) मधील मोदी हे अपवाद सोडले, तर तेथे बरीच हमालीच आहे. एका माणसाच्या आयुष्यात लमाण आणि हमाल एकत्र नांदू शकतात, आणि दुसऱ्याच्या मिळकतीवर पहिला पोसला जातो, ही आपल्या नाट्यव्यवहाराची आर्थिक वस्तुस्थिती आहे. उलट दिशेचे उदाहरणही आहे. सामाजिक कृतज्ञता निधीसाठी लागू, निळू फुले आदींनी अत्र्यांच्या 'लग्नाची बेडी'चे प्रयोग गावोगाव केले. माल जुना आणि हलकाफुलका होता, पण त्याची मिळकत कोठे जावी हे वाहकांनी ठरविले होते.

दुसरा आक्षेप अधिक मूलगामी आहे. 'उपरा' (१९८०) आणि 'उचल्या' (१९८७) या आत्मकथनांच्या शीर्षकांत समाजाने कपाळी मारलेला शिक्का उलटून वाचकापुढे धरलेला होता. 'लमाण' या शीर्षकात तसा शिक्का नाही. ते निवडून घेतलेले नाव आहे. तांड्यावरून महाविद्यालयात आलेला विद्यार्थी ग्रंथालयात हे शीर्षक पाहून आपल्या माणसांची कथा शोधील आणि त्याला पुण्यामुंबईच्या रंगभूमीची कथा मिळेल. त्याच्या पूर्वजांचा व्यवसाय वाफेच्या गाडीने बुडविला आणि वसाहतकालीन गुन्हेगार जमातींच्या कायद्याने कित्येक ठिकाणी त्यांच्या भटकण्यालाच गुन्हा ठरविले, हा इतिहास रूपकात गळून पडतो. रूपक उसने घेणाऱ्याने मूळ धन्याचे देणे मान्य करावे, ही अपेक्षा वाजवी आहे. मात्र त्यासाठी रूपक टाकून देण्याची गरज नाही. ते पुरतेपणी वाचण्याची गरज आहे. लमाण कोण होता हे ठाऊक असलेला मराठवाड्यातील वाचक या शीर्षकाचा अर्थ अधिक खोलवर लावू शकतो, आणि लागूंच्या नटविचाराला तो लेखकापेक्षाही अधिक काटेकोर हिशेब मागू शकतो.

आमच्या भागातील वर्गांत 'नटसम्राट' शिकविले जाते ते छापील पुस्तक म्हणून. ते शिकणाऱ्यांपैकी पुष्कळांनी त्याचा एकही प्रयोग पाहिलेला नसतो. गोणी दारात येऊन पडली आहे, ती कोणी, कोणत्या वाटेने, काय गमावून आणली याचा पत्ता नाही, अशी ही स्थिती आहे. ध्वनिफिती, चित्रफिती, नटांची आत्मचरित्रे आणि प्रयोगांच्या नोंदी यांना संहितेच्या बरोबरीने अभ्यासक्रमात स्थान मिळाल्याखेरीज ती बदलणार नाही. 'लमाण' हे पुस्तक चरित्रवाङ्मयाच्या कप्प्यातून काढून नाट्यशास्त्राच्या अभ्यासपत्रिकेत नेणे, ही त्याची एक सुरुवात ठरू शकेल.