ओझू, यासुजिरो
(१२ डिसेंबर १९०३–१२ डिसेंबर १९६३). जपानी चित्रपट-दिग्दर्शक. जन्म टोकिओ येथे. शोचिकू या चित्रपटसंस्थेत १९२३ मध्ये छायाचित्रण-साहाय्यक म्हणून प्रवेश. १९२७ मध्ये पहिला चित्रपट दिग्दर्शित केला. आरंभीच्या मूकपटांवर हॉलिवुडची छाप दिसते. कोगो नोदाच्या सहकार्याने लिहिलेल्या बान्शुनपासून (१९४९, म. शी. ‘उत्तर वसंत’) मध्यमवर्गीय कुटुंबाची पांगापांग हाच त्याचा प्रमुख विषय झाला. जमिनीलगतचा, क्वचितच हलणारा कॅमेरा हे त्याच्या शैलीचे सर्वपरिचित लक्षण. परंतु तिचे खरे सामर्थ्य वगळण्यात आहे. बान्शुनमध्ये मुलीचा विवाह दाखविलेलाच नाही. वरही एकदाही दिसत नाही. दिसतो तो रिकाम्या घरी परतून सफरचंद सोलीत बसलेला बाप. टोकिओ मोनोगातारीत (१९५३, म. शी. ‘टोकिओची कथा’) वृद्ध आईबापांची आस्था पोटच्या मुलांहून विधवा सुनेलाच अधिक, तरीही दिग्दर्शक मुलांना खलपात्रे करीत नाही. पुढील पिढीतील काही दिग्दर्शकांनी त्याला जुन्या वळणाचा ठरविले. हा आक्षेप अपुरा आहे. कारण कुटुंबव्यवस्थेचे गुणगान न करता तिच्यासाठी कोणाला काय सोसावे लागते, ते तो शांतपणे दाखवितो. साठाव्या वाढदिवशीच टोकिओ येथे त्याचे कर्करोगाने निधन झाले.