‘स्क्विड गेम’चा शेवटचा डाव : आपण काय मागावे?

(निगडी येथे जून २०२५ मध्ये दिलेल्या व्याख्यानाचे ध्वनिमुद्रणावरून केलेले शब्दांकन)



विषय जाहीर झाला तेव्हा दोन-तीन जणांचे फोन आले. “सर, तत्त्वज्ञान सोडून आता सिरियलवर बोलणार का?” आम्ही म्हटलं, चाळीस वर्षं वर्गात संमती, स्वातंत्र्य, मूल्य हे शब्द फळ्यावर लिहिले, आणि शेवटच्या बाकावरची मुलं पेंगत राहिली. तीच मुलं आज रात्री दोन-दोन वाजेपर्यंत जागून याच तीन शब्दांवरची मालिका पाहतात. मग पेंगलं कोण, ते की आम्ही?

येत्या २७ जूनला ‘स्क्विड गेम’चा तिसरा आणि शेवटचा हंगाम येतोय. पहिला सप्टेंबर २०२१ मध्ये आला, दुसरा २६ डिसेंबर २०२४ ला. दुसऱ्या हंगामाचे सात भाग संपतात ते अगदी घास तोंडाशी आणून. त्यामुळे घरोघरी एकच चर्चा आहे, पुढे काय होणार? आमचा नातूही तेच विचारतो. ज्यांनी दुसरा हंगाम पाहिलेला नाही त्यांना आधीच सांगतो, आज कथानक फुटणार आहे. कानावर हात ठेवायचे असतील तर आत्ताच ठेवा.

मराठीत ‘अपेक्षा’ या शब्दाला दोन अर्थ आहेत, बरं का. पाऊस पडेल अशी अपेक्षा आहे, हा एक. त्यात नुसता अंदाज असतो. आणि तुमच्याकडून ही अपेक्षा नव्हती, हा दुसरा. त्यात मागणी असते, हक्क असतो. अंदाज बांधायला आम्ही ज्योतिषी नाही. आपण आज बोलणार आहोत दुसऱ्या अर्थाने. या मालिकेने जे प्रश्न उभे केले त्यांचं ती आपल्याला काय देणं लागते?

त्यासाठी आधी थोडं घराजवळून जावं लागेल. चाकणमार्गेच.

मालिकेचा नायक सोंग गी-हुन, खेळाडू क्रमांक ४५६. त्याला आपण जुगारी, कर्जबाजारी, आईच्या पैशावर हात मारणारा माणूस म्हणून ओळखतो. पण पहिल्या हंगामात एका रात्री, खेळाडू लोखंडी पलंग रचून अडथळा उभा करतात तेव्हा, त्याला जुना संप आठवतो. तो ‘ड्रॅगन मोटर्स’ नावाच्या कारखान्यात होता. कामगार कपात झाली, संप झाला, कारखाना अडवला, आणि डोळ्यांसमोर एक सहकारी मेला. त्याच काळात त्याची मुलगी जन्मली आणि हा पोचू शकला नाही. मालिकेत हे सगळं काही मिनिटांत उरकतं. पुष्कळांच्या लक्षातही राहिलेलं नाही.

हा ‘ड्रॅगन’ कुठून आला? कोरियन भाषेत ‘सँगयाँग’ म्हणजे जोडीचे ड्रॅगन. सँगयाँग मोटर ही खरीखुरी कंपनी. २००९ साली तिने २,६४६ कामगार कमी करायचं ठरवलं. प्योंगतेकच्या कारखान्यात कामगारांनी ७७ दिवस ठाण मांडलं. वरून हेलिकॉप्टर, अश्रुधुराचं पाणी, शेवटी पोलिसांची चढाई. पुढच्या दहा वर्षांत तीसच्या आसपास कामगार आणि त्यांचे घरचे गेले, कुणी आत्महत्येने, कुणी आजाराने. मालिकेमागे हा संप आहे हे दिग्दर्शक ह्वांग डोंग-ह्योक यांनी स्वतः सांगितलेलं आहे.

आणि ही सँगयाँग पुढे कुणी घेतली? महिंद्राने. २०१० मध्ये करार, २०११ मध्ये व्यवहार पूर्ण, सुमारे सत्तर टक्के हिस्सा. तिची ‘रेक्स्टन’ ही गाडी २०१२ पासून आपल्या चाकणला जोडली जात होती. म्हणजे गी-हुनच्या हातून सुटलेला पाना जणू इथल्या एखाद्या पोराच्या हातात आला होता. २०१८ मध्ये कामावरून काढलेल्यांपैकी उरलेल्या ११९ जणांना परत घेण्याचा समझोता झाला. पण कंपनी काही सावरली नाही. २१ डिसेंबर २०२० ला सँगयाँगने पुन्हा न्यायालयाकडे दिवाळखोरीतून वाचवण्यासाठी अर्ज केला. त्याच आठवड्यात, २४ डिसेंबरला, आपल्या तळेगावचा जनरल मोटर्सचा कारखाना थांबला. कामगारांचं प्रकरण न्यायालयात गेलं. आणि ती जागा २०२३ मध्ये करार करून कुणी घेतली? ह्युंदाईने, कोरियातल्याच कंपनीने. गंमत म्हणून सांगत नाही. ही मालिका परदेशी आहे असं जे आपण समजतो, ते समजणं किती कच्चं आहे एवढंच दाखवायचं आहे.

आता मुद्द्यावर येऊ. मालिका तीन प्रश्न विचारते असं आम्हाला वाटतं.

पहिला प्रश्न संमतीचा. खेळात कुणालाही बांधून ठेवलेलं नाही. सही घेतलेली आहे. बहुमत झालं तर खेळ थांबतो. पहिल्या हंगामात १०१ विरुद्ध १०० मतांनी तो थांबलाही. लोक घरी गेले आणि बहुतेक सगळे आपल्या पायांनी परत आले. दुसऱ्या हंगामात प्रत्येक खेळानंतर मतदान आहे, आणि थांबलं तर जमलेली रक्कम सगळ्यांत वाटून घ्यायची सोय आहे. तरी १८३ विरुद्ध १८२ मतांनी खेळ चालू राहतो, आणि शेवटचं मत देतो खेळाडू म्हणून वेश पालटून बसलेला खुद्द खेळाचा प्रमुख. हॉब्ज नावाचा इंग्रज तत्त्वज्ञ म्हणायचा, भीतीपोटी केलेला करारही करारच. खेळाचे मालक हॉब्जचे पक्के शिष्य आहेत. ‘आम्ही कुठे जबरदस्ती केली?’

आमच्या इमारतीत एक मुलगा राहायचा, मराठवाड्यातून आलेला. एका ठेकेदाराकडून कामाला लागायचा. सात महिने काम, मग ब्रेक. वर्षात २४० दिवस भरू द्यायचे नाहीत, कारण भरले तर कायद्याने काही हक्क लागू होतात. मग दुसरा ठेकेदार, दुसरं गेट, परत सात महिने. आम्ही एकदा प्राध्यापकी थाटात विचारलं, “अरे, सही का करतोस?” तो म्हणाला, “सर, सही नाही केली तर काय करू ते पण सांगा ना.” आमच्याकडे उत्तर नव्हतं. गी-हुनकडेही नाही. संमती खरी की खोटी हे सहीवरून ठरत नाही, सही न करणाऱ्यासाठी बाहेर काय ठेवलंय त्यावरून ठरतं. पहिल्या हंगामाच्या दुसऱ्या भागाने हे फार उत्तम दाखवलं. तो भाग बहुतेक बाहेरच्या जगात घडतो, एकही खेळ नाही, आणि आमच्या मते संपूर्ण मालिकेतला तो सर्वोत्तम भाग आहे.

दुसऱ्या हंगामाविषयी आमची तक्रार इथेच सुरू होते. बाहेरचं जग जवळजवळ नाहीसं झालं. बेट शोधणाऱ्या होडीवर वेळ गेला, पण माणसं पुन्हा का येतात याची खोली वाढली नाही. क्रिप्टोवाला आला, रॅपर आला, रंग भडक झाले. आई आणि मुलगा एकाच खेळात समोरासमोर येतात, ती गोष्ट मात्र कसदार आहे.

दुसरा प्रश्न हिशोबाचा. एक माणूस मेला की दहा कोटी वॉन काचेच्या डुकरात पडतात. ४५६ माणसं, ४,५६० कोटी वॉन. आमचा प्रबंध कांटवर होता, म्हणून हे सांगायचा मोह आवरत नाही. कांट म्हणतो, काही गोष्टींना किंमत असते, म्हणजे त्यांच्या बदल्यात दुसरं काही ठेवता येतं. माणसाला किंमत नसते, प्रतिष्ठा असते, त्याच्या बदल्यात काहीच ठेवता येत नाही. मालिकेतलं ते डुक्कर म्हणजे कांटचं उलटं टांगलेलं वाक्य आहे.

पण खरी गोम पुढे आहे. दुसऱ्या हंगामाच्या शेवटी गी-हुन बंड रचतो. दिवे गेले की दुसरा गट हल्ला करणार हे त्याला कळतं. तो आपल्या माणसांना सांगतो, पलंगाखाली लपा, मारामारी होऊ द्या, पहारेकरी आत आले की बंदुका हिसकावू. म्हणजे काही जण मरतील, ते मरू द्यायचे. वेश पालटलेला प्रमुख त्याला विचारतो, मोठ्या हेतूसाठी थोड्यांचा बळी द्यायचा का? गी-हुन नाही म्हणत नाही.

श्रोतेहो, हे वाक्य आपण कुठे ऐकलंय? कंपनी वाचवायची तर २,६४६ जणांना जावं लागेल. हेच ना ते? ज्या गणिताने गी-हुनला रस्त्यावर आणलं तेच गणित आता त्याच्या तोंडून निघालं. खेळाच्या प्रमुखाने त्याला बंदुकीने हरवलं हे खरं, जिवलग मित्र त्याच्या डोळ्यांदेखत मारला. पण तो हरला त्याच्या आधीच, पलंगाखाली लपला तेव्हा. अनेकांना तो शेवट ‘अर्धवट’ वाटला. आम्हाला तो क्षण पुऱ्या मालिकेतला सर्वांत प्रामाणिक वाटतो. फक्त लेखकाला तो तितकाच दिसला आहे का, ते शेवटच्या हंगामात कळेल. गी-हुन नुसत्या मित्राच्या दुःखात बुडाला आणि या हिशोबाची लाज त्याला वाटलीच नाही, तर आम्ही म्हणू की मालिकेला आपलीच गोष्ट समजली नाही.

तिसरा प्रश्न आपल्या घरचाच आहे. जिंकून, सुटून आलेला माणूस पुन्हा खेळायला का जातो? पहिल्या हंगामाच्या शेवटी गी-हुन विमानाच्या दारातून माघारी फिरतो, तेव्हा आम्हाला युधिष्ठिर आठवला. पहिल्या द्यूतात सगळं गेलं, द्रौपदीमुळे सगळं परत मिळालं, आणि वाटेतून बोलावणं आलं तर हा पुन्हा फाशांसमोर. अनुद्यूत म्हणतात त्याला. फरक एवढाच की युधिष्ठिर खेळायला गेला, गी-हुन खेळ मोडायला. पण फाशांसमोर बसल्यावर दोघांचे हात सारखेच दिसतात.

त्या सभेत खरा प्रश्न युधिष्ठिराने विचारला नाही, द्रौपदीने विचारला. आधी स्वतःला हरला, की आधी मला? म्हणजे ज्याची स्वतःवर मालकी उरली नाही त्याला मला पणाला लावायचा अधिकार कुठून आला? भीष्म म्हणाले, धर्माची गती सूक्ष्म आहे. विकर्ण बोलला, बाकी बहुतेक सभा गप्प.

आता बघा, या खेळात एक गरोदर मुलगी आहे, क्रमांक २२२. तिच्या पोटातल्या बाळाने कुठे सही केली? ते कोणत्या बाजूला मत देणार? पणाला लागलेलं ते एकच असं आहे ज्याच्याबाबतीत ‘तू स्वतः आलास’ असं मालकांना म्हणता येणार नाही. आमचा कयास आहे, आणि हा एकच अंदाज आम्ही करतो, की लेखकाने ते बाळ उगीच ठेवलेलं नाही. द्रौपदीचा प्रश्न तेच विचारेल, न बोलता. संमतीचा सगळा डोलारा तिथे कोसळला पाहिजे, आणि गी-हुनचं गणितही तिथेच मोडलं पाहिजे. थोड्यांच्या बदल्यात पुष्कळ, असं म्हणणारा माणूस त्या जिवाकडे बघून ‘हा हिशोबात धरायचाच नाही’ असं म्हणू शकला, तर तो जगो की मरो, तो सुटला.

मग आपण काय मागावं? आमच्या तीन मागण्या. एक, पोलीस अधिकाऱ्याची होडी बेटावर पोचून सगळ्यांना वाचवते असला शेवट नको. बाहेरचं जग तसंच ठेवून आतल्यांना वाचवलं तर ते पुन्हा येतील, हे मालिकेनेच आपल्याला शिकवलं आहे. दोन, मुखवटे घातलेल्या त्या श्रीमंत पाहुण्यांना जरा माणसासारखं बोलू द्या. पहिल्या हंगामात ती मंडळी इतकी बाष्कळ होती की क्रूरता हा काही वेड्या लोकांचा छंद आहे असं वाटायला लागलं. ती पद्धतशीर, नीटनेटकी, सभ्य असते. हिशोबाच्या वहीत असते. तीन, अलीला विसरू नका. क्रमांक १९९, पाकिस्तानी कामगार, मालकाने सहा महिन्यांचा पगार बुडवलेला. आपल्या दिल्लीच्या अनुपम त्रिपाठीने तो केला. ज्याला तो भाऊ म्हणाला त्यानेच गोट्यांची पिशवी बदलून त्याचा घात केला. खेळाने मारलेल्यांत आम्हाला सर्वांत जास्त तोच लागतो, कारण त्याचा विश्वास खेळाच्या नियमात कुठेच बसत नव्हता.

एक आक्षेप येईल, आला पाहिजे. ‘सर, हे सगळं दाखवणारी कंपनीही यातून पैसे कमावते, आणि आपण सोफ्यावर बसून बघतो, मग पाहुणे आणि आपण वेगळे कसे?’ वेगळे नाही, निदान आपोआप तरी नाही. द्यूतसभेतले बहुतेक लोकही बघेच होते. विकर्ण त्याच सभेत बसला होता, त्याने तेच पाहिलं, आणि तो उठून बोलला. बघण्यात पाप नाही, बघून गप्प राहण्यात आहे.

तेव्हा २७ तारखेला जरूर बघा. नातवंडांसोबत बघा, मात्र लहानांना दूर ठेवा, रक्त फार आहे. आणि दुसऱ्या दिवशी सकाळी फर्स्ट शिफ्टची कंपनी बस चौकात थांबेल, तेव्हा त्या रांगेत उभ्या पोरांपैकी एखाद्याला विचारा, ‘कितवा महिना चालू आहे तुझा?’ तो ‘सहावा’ म्हणाला, तर मालिकेचा पुढचा भाग तुम्हाला तिथेच कळेल.

आता तुमचे प्रश्न घेऊ.