केदार, शाळेच्या पटांगणात

'गुड्डी' (१९७१) चित्रपटातली शाळेची प्रार्थना केदार रागात आहे. केदार काही सोपा राग नव्हे. तो सरळ चढत नाही, वाकडी वळणं घेतो, दोन्ही मध्यम बाळगतो, षड्जावरून थेट शुद्ध मध्यमावर झेप घेतो. वसंत देसाईंनी हा राग प्रार्थनेत असा बसवला की वर्गातला कच्च्या सुराचा मुलगाही शेजाऱ्याचा आवाज धरून ती वळणं पार करतो. ओळी आखूड, श्वासाला जागा, तानेचा मोह कुठेच नाही. आणि तरी केदार पातळ झालेला नाही! त्याच चित्रपटात, त्याच वाणी जयराम यांच्या गळ्यातून, मियां मल्हार येतो. तिथे मात्र कसलेल्या गळ्याशिवाय पाऊल टाकता येत नाही. कोणती चाल एकट्याची आणि कोणती सगळ्यांची, ही जाण इतकी पक्की असलेला दुसरा चित्रपट-संगीतकार मला सांगता येणार नाही.

वसंतरावांचा जन्म १९१२चा, कुडाळजवळच्या सोनवड्याचा. तेव्हा हा मुलूख सावंतवाडी संस्थानात होता. कुडाळ-मालवणकडे गाणं कानावर पडतं ते दशावताराच्या पेटी-पखवाजातून आणि भजनातून. बुवा चाल सोडतो, मागचे ती उचलतात. उचलता आली नाही, तर बुवाची चाल फसली. वसंतरावांच्या समूहगीतांमागे मला हीच कसोटी ऐकू येते. 'दो आँखें बारह हाथ' (१९५७) हा कैद्यांचा चित्रपट. त्यातली प्रार्थना शाळाशाळांत गेली ती याच गुणावर.

प्रभातमधली उमेदवारी, मग शांतारामबापूंच्या राजकमलमध्ये 'शकुंतला' (१९४३), सोलापूरच्या कोटणीसांची चीनमधली रुग्णसेवा सांगणारा 'डॉ. कोटनीस की अमर कहानी' (१९४६), असा हा प्रवास. पण 'अमर भूपाळी'पाशी (१९५१) थांबायलाच हवं. होनाजीची भूपाळी पंडितराव नगरकर आणि लता मंगेशकर गातात. चाल कुठेही घाई करत नाही. भरीव पुरुषी आवाजाशेजारी कोवळा स्त्रीस्वर येतो आणि उजाडत जावं तसं गाणं उलगडतं. वाद्यमेळ इतका मागे ठेवलाय की शब्दांतली पहाट झाकली जात नाही. हा संयम मला त्यांच्या सगळ्या कामात मोठा वाटतो.

उस्तादांशी वागतानाही तो दिसतो. 'झनक झनक पायल बाजे'चं (१९५५) शीर्षकगीत अमीर खाँसाहेबांनी अडाण्यात गायलं. 'गूंज उठी शहनाई'त (१९५९) बिस्मिल्ला खाँ वाजले. दोघेही आपल्याच तोऱ्यात आहेत, तरी चित्रपटाची चौकट मोडत नाही. 'देव दीनाघरी धावला' नाटकाच्या पदासाठी तर त्यांनी कुमार गंधर्वांसारख्या स्वयंभू गवयाला आणि वाणी जयराम यांना एकत्र आणलं. अशी जोडी सुचायलाच कान लागतो.

१९६६ साली संयुक्त राष्ट्रसंघात एम. एस. सुब्बुलक्ष्मींनी कांचीच्या चंद्रशेखरेंद्र सरस्वतींची संस्कृत मैत्री-प्रार्थना गायली. तिची चाल वसंतरावांची. समोर कर्नाटक संगीतातली एवढी थोर गायिका, तरीही चाल अशी की साध्या गळ्यालाही म्हणता यावी. दक्षिणेत ती आजही म्हटली जाते.