कोड स्टोनचे न हरवलेले गुपित

लंडनमध्ये वेस्टमिन्स्टर पुलाच्या टोकाशी एक भव्य सिंह उभा आहे. दिसतो दगडाचा, प्रत्यक्षात आहे भाजलेल्या मातीचा. या कृत्रिम दगडाला 'कोड स्टोन' म्हणतात. एलिनॉर कोड या बाईंनी 1769 मध्ये लॅम्बेथचा एक कारखाना हाती घेऊन तो नावारूपाला आणला. त्याविषयीच्या लोकप्रिय लिखाणात एक कथा हमखास भेटते : बाईंनी कृती कुणाला सांगितली नाही, 1821 मध्ये त्या वारल्या आणि गुपित त्यांच्याबरोबरच गेले. हा दगड किती टिकाऊ, हे पटवायला मग याच सिंहाकडे बोट दाखवतात. गंमत अशी, की सिंह 1837 चा आहे! बाईंच्या मृत्यूनंतर सोळा वर्षांनी तो भट्टीतून कसा निघाला, हे नववीतला विद्यार्थीही विचारील.

पण तारखेच्या चुकीपेक्षा मोठा दोष हा, की 'गुपित' म्हटले की चौकशी थांबते आणि आतले रसायन झाकलेलेच राहते. बाईंनी आपल्या मालाला 'लिथोडिपायरा' असे ग्रीक धाटणीचे नाव दिले होते. अर्थ, दोनदा भाजलेला दगड. म्हणजे कृतीचे एक मर्म नावातच होते! बाकीची कृती ब्रिटिश म्युझियममध्ये केलेल्या पृथक्करणातून उलगडली. साठ टक्क्यांच्या आसपास डॉर्सेट-डेव्हनकडील चिकणमाती, दहा टक्के आधीच भाजून कुटलेली माती, शिवाय चकमकीच्या दगडाची भुकटी, बारीक वाळू आणि काचेची पूड. एकदा भाजलेली माती पुन्हा फारशी आकसत नाही, त्यामुळे मोठे शिल्पही तडकण्याचा धोका कमी होतो. काच वितळून कणांमधल्या फटी बुजवते. मग पाणी आत शिरत नाही आणि हिवाळ्यात गोठून दगड फोडत नाही.

लोणच्याची बरणी याच कुळातली. कुंडीची खापरी आणि फुटक्या बरणीचा तुकडा रात्रभर पाण्यात ठेवून आधीचे व नंतरचे वजन पाहावे. वर्गात अर्धा तास पुरतो, आणि तो दंतकथेपेक्षा नक्कीच सत्कारणी लागतो.

खरी कसोटी होती भट्टीची. 1100 अंश सेल्सिअसच्या वरची आच, आणि भाजणी चार-चार दिवसांची! कृतीचा कागद मिळाला म्हणून हा हात कुणाला येत नाही. पुढे अभिरुची बदलली, साच्यात ओतायचे सिमेंट स्वस्त पडू लागले आणि एवढे इंधन जाळायला गिऱ्हाईक उरले नाही. आजही काही कारागीर हा दगड घडवतात, मुख्यतः जुन्या शिल्पांच्या दुरुस्तीसाठी.