कीचकवधातले हात

मेळघाटातून उतरणारी चंद्रभागा दर्यापूरवरून पुढे जाऊन पूर्णेला मिळते, आणि ती ज्या डोंगरांतून येते त्याच डोंगरांत भीमाने कीचकाला मारून दरीत लोटले, अशी वऱ्हाडची पिढ्यान्‌पिढ्यांची धारणा आहे. कीचकाचा दरा तो चिखलदरा, जवळचे वैराट ती विराटाची नगरी. संशोधक विराटाचा मत्स्य देश जयपूरकडच्या बैराटला नेतात, नेवोत बापडे. चातुर्मासात श्रीधराचा पांडवप्रताप ऐकत बसलेल्या इकडच्या माणसाला कीचक आपल्याच डोंगरात मेला हे ठाऊक असते, आणि जिथे वीतभर धुऱ्यासाठी भाऊबंदांच्या दोन दोन पिढ्या कोर्टाच्या तारखा करतात, तिथे पोथीतला सूड आणि वावरातला सूड यांत फारसे अंतर राहत नाही. तेव्हा विराटपर्वातले हे प्रकरण आपण हाती घेऊ, पण कथा म्हणून नव्हे, कारण कथा आपल्याला पाठच आहे. व्यासांनी या प्रकरणात ठिकठिकाणी जे हात दाखवले आहेत, तेवढे नीट न्याहाळू.

पहिला हात खरे तर नुसता अंगठा आहे. अज्ञातवासाचे दहा महिने सरले आहेत. राणी सुदेष्णेने सैरंध्री झालेल्या द्रौपदीला मद्य आणण्याच्या निमित्ताने आपल्या भावाकडे, सेनापती कीचकाकडे धाडले. त्याने हात धरला, तो झिडकारून ती धावत राजसभेत आली, आणि तिथे, विराटाच्या डोळ्यांदेखत, त्याने तिचे केस धरून तिला लाथ मारली. सभेत बल्लव नावाचा आचारी बसला आहे, तो भीम. तो दात खातो आणि बाहेरच्या झाडाकडे पाहू लागतो. ते झाड आता उपटले जाणार, हे आपल्याला कळते आणि कंक झालेल्या युधिष्ठिरालाही कळते. तो आपल्या अंगठ्याने भीमाचा अंगठा दाबतो आणि वर चारचौघांत विचारतो, काय रे आचाऱ्या, सरपणासाठी झाड बघतोस की काय? लाकडे हवी असतील तर बाहेर जाऊन आण. किती थोडक्यात केवढे साधले आहे! एका अंगठ्याच्या दाबात बारा वर्षांचा वनवास आहे, उरलेल्या दिवसांचा हिशेब आहे, धाकट्याच्या बळावरचा विश्वास आहे आणि त्याच बळाची धास्तीही आहे. आणि आपल्या पत्नीचा अपमान पाहत असताना सरपणाची गोष्ट काढणाऱ्या माणसाच्या पोटात त्या क्षणी काय चालले असेल, याबद्दल व्यास एक अक्षरही बोलत नाहीत. ते आपण आपल्या अंगठ्यावर अनुभवायचे.

पण रसिकाने इथे लगेच युधिष्ठिराच्या बाजूला जाऊन बसू नये. तोच युधिष्ठिर पुढे द्रौपदीला म्हणतो, नटीसारखी रडत उभी राहू नकोस, द्यूत खेळणाऱ्या मत्स्यांच्या खेळात तुझ्यामुळे विघ्न येते. द्यूतात हरलेल्या राणीला खेळ मोडतो म्हणून बाजूला व्हायला सांगणारा हा जुगारी! आणि ती जाता जाता सुनावते की ज्यांचा थोरला फाशांच्या नादी लागलेला, त्या अतिदयाळू नवऱ्यांसाठी मी धर्म पाळते आहे. क्षमा आणि भ्याडपणा यांच्यामधली रेघ किती बारीक असते, हे इतक्या कडवटपणे फार थोड्या ठिकाणी आले असेल. वनपर्वातही या दोघांचा हाच वाद झालेला असतो: तो क्षमेचे गुण गातो, ती प्रल्हादाने बळीला दिलेला सल्ला ऐकवते की नेहमी क्षमाही बरी नव्हे आणि नेहमी तेजही बरे नव्हे. व्यासांनी तो वाद तिथे मिटवला नाही, इथेही मिटवत नाहीत.

मग रात्र होते, आणि या प्रकरणातले माझे सर्वांत आवडते दृश्य येते. द्रौपदी अंग धुऊन मुदपाकखान्यात जाते आणि झोपलेल्या भीमाला उठवते. किती बोलते ती! पाचही नवऱ्यांची आजची दशा एकेक करून मोजते, आणि शेवटी आपले हात पुढे करते. राजासाठी चंदन उगाळून उगाळून त्या हातांना घट्टे पडलेले आहेत. भीम ते सुजलेले हात आपल्या तोंडाशी नेतो आणि रडतो. गदा नाही, गर्जना नाही. महाभारतातला सर्वांत दांडगा माणूस अंधाऱ्या स्वयंपाकघरात बायकोचे खरखरीत तळवे चेहऱ्यावर धरून रडतो आहे. कीचकाने लाथ मारली हे कारण खरेच, पण सुडाचे बी या घट्ट्यांत आहे, रोज थोडे थोडे साचत आलेल्या अवहेलनेत आहे. दर्यापुरातला कोणी जुना वकील सांगेल की अशिलाची फिर्याद एका दिवसाची असते आणि राग वीस वर्षांचा. व्यासांना ते पुरते माहीत होते. अजून थोडे दिवस कळ काढ, असे भीम म्हणून पाहतो. ती म्हणते, उद्याचा सूर्य कीचकाला जिवंत पाहील तर मी विष कालवून पिईन. दुसऱ्या दिवशी नृत्यशाळेचा संकेत ठरतो, आणि व्यास हळूच नोंदवतात की त्या अर्ध्या दिवसाची वाट पाहणे द्रौपदीला महिन्याएवढे झाले. सुडाच्या भुकेचे याहून नेमके वर्णन मला तरी ठाऊक नाही.

वध आपण भरभर ओलांडू, वाचणाऱ्याचे हात तिथे आपोआप शिवशिवतातच. थांबायचे ते वधानंतर. भीमाने कीचकाचे हातपाय, डोके, मान सारे धडात कोंबून मांसाचा गोळा केला आहे; पाण्यातून जमिनीवर काढलेल्या कासवासारखा तो दिसतो, असे व्यास म्हणतात, आणि पहारेकरी एकमेकांना विचारतात, याची मान कुठे, पाय कुठे, हात कुठे? ज्याने अपमान केला तो माणूसच आता ओळखू येत नाही. सूड पुरा झाला, पण ज्याच्यावर उगवायचा तो समोर नाही, नुसता गोळा आहे. भीम मात्र निमूटपणे स्वयंपाकघरात परततो.

आणि हिशेब मिटत नाही, तो वाढत जातो. खांबाला टेकून उभी असलेली द्रौपदी कीचकाच्या भाऊबंदांना दिसते. हिच्यापायी आमचा माणूस गेला, तर हिलाही त्याच्याबरोबर जाळा, म्हणून ते तिला बांधून स्मशानात नेतात. भीमाला कोट ओलांडून, झाड उपटून धावावे लागते. काल सभेबाहेरचे झाड वाचले, आज दुसऱ्याची पाळी आली. एकशे पाच उपकीचक मरतात. पुढे कीचक मेल्याची वार्ता त्रिगर्तांच्या सुशर्म्याला लागते. कीचकाकडून पूर्वी मार खाल्लेला हा राजा आपले उट्टे काढायला विराटाच्या गाईंवर येतो, आणि पाठोपाठ कौरव. एका लाथेपासून निघालेला धागा कुरुक्षेत्राच्या उंबरठ्यापर्यंत येऊन पोचतो.

तरीही हा सूड व्यर्थ होता, असे म्हणायला जीभ रेटत नाही. कृष्णाजी प्रभाकर खाडिलकरांनी 1907 साली हेच कथानक रंगभूमीवर आणले तेव्हा प्रेक्षकांना कीचकात लॉर्ड कर्झन दिसला, सैरंध्रीत भारतमाता, युधिष्ठिरात नेमस्त आणि भीमात जहाल. जहाल पुढारी दादासाहेब खापर्ड्यांच्या अमरावतीला तर हा अर्थ समजावून सांगण्याची गरजच नव्हती. सरकारलाही तो समजला आणि 1910 मध्ये नाटकावर बंदी आली. ज्याला दाद मागायला सभाच उरली नाही, त्याच्या सुडाला निव्वळ राग कसे म्हणायचे? विराटाच्या सभेत द्रौपदीने आधी न्यायच मागितला होता. राजाने तो दिला नाही, म्हणून तिला स्वयंपाकघर गाठावे लागले.

आता आपल्या डोंगराकडे येऊ. व्यासांचा भीम चुलीपाशी परतला, एवढेच मूळ ग्रंथ सांगतो. वऱ्हाडच्या लोकांना ते पुरले नाही. चिखलदऱ्याला भीमकुंड आहे आणि कीचकाला मारल्यावर भीमाने तिथे हात धुतले, असे लोक सांगतात. कोणी म्हणतात, अंघोळ केली. न्याय्य सूड घेतलेल्या हातांनाही पाणी लागते, ही भर कोणा पंडिताने घातलेली नाही, गुरे वळणाऱ्या, वावर नांगरणाऱ्या माणसांनी घातली आहे. याच सातपुड्याच्या पश्चिमेला, नंदुरबारकडे, अस्तंब्याच्या शिखरावर दिवाळीच्या सुमारास अश्वत्थाम्याची यात्रा भरते. बापाच्या वधाचा सूड म्हणून त्याने झोपलेली माणसे मारली, द्रौपदीची पोरे मारली. आणि तो अजून कपाळाच्या जखमेसाठी तेल मागत फिरतो, ही समजूत मराठी मुलखात घरोघर आहे. एका सूडकऱ्याला पाणी आणि दुसऱ्याला तेल! लोकांनी निवाडा केला नाही, पण दोघांचीही नड ओळखली.

त्या जखमेचे मूळही द्रौपदीच्या मागणीतच आहे. मुलांची प्रेते पाहून ती अन्नपाणी सोडून बसली होती. अश्वत्थाम्याचा जीव आणि त्याच्या डोक्यावरचा मणी, दोन्ही हवे म्हणून. भीम एवढा मणीच आणतो. ज्या द्रौपदीला पूर्वी अर्धा दिवस महिन्याएवढा झाला होता, ती आता म्हणते, गुरुपुत्र मला गुरूसारखाच, हा मणी राजाने मस्तकी धारण करावा. उपोषण सोडून ती उठते. आणि उठतानाही व्यास तिला पुत्रशोकाने व्याकूळच म्हणतात.