विजय तेंडुलकरांची पटकथा : न बोललेल्या शब्दांचे लेखन

विजय तेंडुलकर (१९२८-२००८) यांच्या नाटकांवर मराठीत विपुल समीक्षा झाली. त्यांच्या पटकथांकडे मात्र दुय्यम लेखन म्हणूनच पाहिले गेले. 'मंथन' (१९७६) या चित्रपटासाठी पटकथेचा राष्ट्रीय पुरस्कार मिळूनही ही उपेक्षा संपली नाही. तिचे एक कारण उघड आहे. तेंडुलकर म्हणजे संवाद, हे समीकरण रूढ झालेले, आणि त्यांच्या महत्त्वाच्या हिंदी चित्रपटांचे संवाद तर इतरांचे : 'निशांत' व 'आक्रोश'चे सत्यदेव दुबे यांचे, 'मंथन'चे कैफी आझमी यांचे, 'अर्धसत्य'चे वसंत देव यांचे. मग यात तेंडुलकरांचे काय उरते?

या प्रश्नाचे उत्तर 'आक्रोश'मध्ये (१९८०) सापडते. गोविंद निहलानी दिग्दर्शित या चित्रपटाचा नायक, पत्नीच्या खुनाचा आरोपी असलेला आदिवासी लहान्या भिकू, जवळजवळ संपूर्ण चित्रपटभर बोलत नाही. वकील भास्कर कुलकर्णी पुनःपुन्हा तुरुंगात जातो आणि रिकाम्या हातांनी परततो. या मौनाभोवती तेंडुलकर बोलणाऱ्यांची दुनिया रचतात. पत्त्यांच्या डावाला बसणारे गावातले प्रतिष्ठित, आणि त्यांच्यातच वावरणारे, स्वतः आदिवासी असलेले सरकारी वकील दुसाने. दुसान्यांना दूरध्वनीवरून जातिवाचक शिव्या ऐकाव्या लागतात, तरी तेही गप्पच. एक मौन दडपलेल्याचे, दुसरे वर पोचलेल्याचे. ही जोडी संवादांतून नव्हे, प्रसंगांच्या मांडणीतून उभी राहते. ही मांडणीच पटकथाकाराची निर्मिती होय.

'सामना'शी (१९७५) तुलना केल्यास हे अधिक स्पष्ट होते. डॉ. जब्बार पटेल यांच्या या चित्रपटात मराठी संवाद तेंडुलकरांचेच असल्याने मास्तर आणि हिंदुराव धोंडे पाटील यांचा संघर्ष शब्दांनी लढला जातो; नाटककार तेथे आपल्या घरी असतो. तरीही कथेला गती देतो तो पडद्याआडचा, नाहीसा झालेला मारुती कांबळेच.

अर्थात ही पद्धती सर्वत्र साधलेली नाही. 'निशांत'मध्ये (१९७५) पळवून नेलेली सुशीला मंदिरात पतीला जाब विचारते, तो प्रसंग जळजळीत आहे. परंतु त्यानंतर जमीनदाराच्या वाड्यात तिच्या मनात होणारे परिवर्तन पटकथा पुरेसे उलगडत नाही. गावाचा उठाव घाईने येतो आणि त्या गर्दीत सुशीला हरवते. 'स्वयंसिद्धा' या दूरदर्शन मालिकेत प्रिया तेंडुलकर यांनी प्रमुख भूमिका केली. मालिकालेखनाचा हा भाग तर अभ्यासकांच्या नजरेतून जवळजवळ निसटलाच आहे.