रौलट समितीचा अहवाल : दहशतवादाची वासाहतिक व्याख्या

न्यायमूर्ती सिडनी रौलट यांच्या अध्यक्षतेखालील समितीचा १९१८ चा अहवाल इतिहासाचे साधन म्हणून वापरला जातो. तो एक संहिता म्हणूनही वाचावयास हवा. अहवालाचा आरंभ मुंबई इलाख्यापासून होतो व क्रांतिकारक चळवळीचे मूळ पुण्याच्या चित्पावन ब्राह्मणांत शोधले जाते. राजकीय असंतोषाला जातिस्वभावाचे रूप देणारी ही मांडणी निरागस नव्हे.

२२ जून १८९७ रोजी गणेशखिंड रस्त्यावर रँड व आयर्स्ट यांच्यावर गोळ्या झाडल्या गेल्या. तत्पूर्वी प्लेगनिवारणाच्या नावाखाली सोजिरांकरवी घरझडत्या झाल्या होत्या, माणसे सक्तीने हलविली गेली होती. अहवाल हे नाकारीत नाही. परंतु त्या उपायांपेक्षा त्यांवरील वृत्तपत्रीय टीकेस तो अधिक दोषी धरतो. नातू बंधूंना खटल्याविना स्थानबद्ध करण्यात आले, ते १८२७ च्या रेग्युलेशनखाली. म्हणजे हे हत्यार कटाच्या सत्तर वर्षे आधीपासून सरकारच्या हाती होते. असे असता, नव्या गुन्ह्यांसाठी नवे असाधारण अधिकार हवेत, हा १९१९ च्या कायद्यामागील युक्तिवाद कितपत टिकतो?

याउलट, दामोदर चापेकर यांनी तुरुंगात लिहिलेले आत्मवृत्त राष्ट्रवादी इतिहासकारांनाही अडचणीचेच आहे. त्यात इंग्रजांइतकाच समाजसुधारकांवरही रोष आहे. केवळ प्लेगच्या जुलमाची प्रतिक्रिया म्हणून हे कृत्य वाचले, की हा रोष अभ्यासाबाहेर राहतो; आणि चरित्रपर लेखनात बहुधा तसेच झालेले दिसते.